रावबहादूर महादेव विश्वनाथ धुरंधर आणि मुंबईचे कलाजीवन

आमच्या ज्ञातीच्या घराघरांतून ज्यांचे नाव आजही आदराने घेतले जाते, त्या पुण्यवान पुरुषांमध्ये कै. रावबहादूर महादेव विश्वनाथ धुरंधर यांची गणना प्रथमपंक्तीत करावी लागेल. मुंबई बेटावरील जुन्या रहिवाशांपैकी एक अशी पाठारे प्रभू समाजाची ओळख आहे. कायदा, स्थापत्य, वैद्यक आणि सरकारी सेवा या क्षेत्रांत समाजाने नामवंत माणसे दिली, त्यांची चरित्रे वेळोवेळी लिहिली गेली व वाचलीही गेली. परंतु ज्या काळी चित्रकला हा भल्या घरच्या मुलाने पत्करावयाचा व्यवसाय आहे असे कोणास वाटत नव्हते, त्या काळी कुंचला हाती धरून ज्यांनी आपले सारे आयुष्य त्या एका विद्येला वाहिले, अशा पुरुषाची हकीकत निराळ्याच प्रकारची असणार हे उघड आहे. ती हकीकत या अंकाच्या वाचकांपुढे थोडक्यात ठेवावी, असा आमचा मानस आहे.

धुरंधरांचे चरित्र सांगू लागले म्हणजे दोन संस्थांचा इतिहास त्याबरोबर आपोआप सांगितला जातो. एक सर जे. जे. कलाशाळा, दुसरी बॉम्बे आर्ट सोसायटी. पहिलीने त्यांना विद्या दिली आणि अन्नही दिले. दुसरीने त्यांना लोकांपुढे उभे केले. या दोहोंपैकी पहिलीविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. दुसरी संस्था शहरातील कलाप्रेमी मंडळींनी स्थापिलेली, वर्षातून एकदा प्रदर्शन भरविणारी, आणि तरीही एका संपूर्ण प्रांताच्या कलाभिरुचीला वळण लावणारी होती. तिचे ऋण तितकेसे ध्यानात घेतले जात नाही, म्हणून तिच्याविषयी आम्ही येथे किंचित विस्ताराने लिहिणार आहोत.

बालपण आणि कलाशाळेत प्रवेश

महादेवरावांचा जन्म १८ मार्च १८६७ रोजी झाला. कुटुंब पाठारे प्रभू, परंतु बालपण व शालेय शिक्षण गेले ते कोल्हापुरात. मुंबईच्या गजबजाटापासून दूर, देवळे, तळी, जुने वाडे आणि संस्थानी थाट यांनी भरलेल्या त्या नगरीचा संस्कार त्यांच्या मनावर खोल झाला असला पाहिजे. पुढे त्यांनी मिरवणुका, दरबार, देवदर्शनास निघालेल्या स्त्रिया आणि बाजाराच्या दिवशीची गर्दी ज्या सहजतेने रंगविली, ती सहजता केवळ शाळेत शिकून येणारी नव्हे. कोल्हापूरची भूमी तशीही कलावंतांना अनुकूल. आबालाल रहिमान यांच्यासारखा श्रेष्ठ चित्रकार त्याच नगरीतून धुरंधरांच्या आधी मुंबईच्या कलाशाळेत शिकून गेला होता.

१८९० च्या आरंभी धुरंधर मुंबईस आले आणि सर जे. जे. कलाशाळेत दाखल झाले. त्या वेळी त्यांना तेविसावे वर्ष चालू होते. कलाशाळेची स्थापना १८५७ सालची. सर जमशेटजी जिजीभाई यांनी दिलेल्या एक लक्ष रुपयांच्या देणगीतून ती उभी राहिली होती. धुरंधर दाखल झाले तेव्हा शाळेचे प्रमुख जॉन ग्रिफिथ्स हे होते. अजिंठ्याच्या लेण्यांतील भित्तिचित्रांच्या नकला विद्यार्थ्यांकडून करवून घेण्याचे प्रचंड काम ज्यांनी तडीस नेले, ते हेच ग्रिफिथ्स. शाळेतील शिक्षणाची पद्धत मोठी कसोटीची असे. आरंभी नमुन्यांवरून रेखाटन, मग प्लास्टरच्या पुतळ्यांवरून छायाप्रकाशाचा अभ्यास, आणि त्यात हात बसल्यावर जिवंत माणूस समोर बसवून चित्रण, असा तो क्रम. एकेका पायरीवर महिने जात. उतावळ्या माणसाचे ते काम नव्हे. धुरंधरांनी ही सारी तपश्चर्या आनंदाने केली आणि ग्रिफिथ्स यांची मर्जी अल्पावधीतच संपादन केली.

बॉम्बे आर्ट सोसायटी

धुरंधर मुंबईस येण्यापूर्वी दोन वर्षे, म्हणजे १८८८ साली, बॉम्बे आर्ट सोसायटीची स्थापना झाली होती. आरंभीच्या काळात या संस्थेवर युरोपियन मंडळींचा वरचष्मा होता. सरकारी अधिकारी, लष्करी अंमलदार, त्यांच्या कुटुंबातील हौशी स्त्रिया आणि कलाशाळेतील इंग्रज शिक्षक यांची चित्रे प्रदर्शनात प्रामुख्याने लागत. पाहावयास येणारा आणि विकत घेणारा वर्गही बहुतांशी तोच. आपल्या देशातील धनिक मंडळी त्या वेळी विलायती छापील चित्रांनी आणि मोठमोठ्या आरशांनी दिवाणखाने सजवीत. एतद्देशीय चित्रकाराकडून मूळ चित्र विकत घ्यावे, ही कल्पना फारच थोड्यांच्या मनास शिवत असे.

असे असूनही या संस्थेने एक गोष्ट अशी केली की तिचे महत्त्व आज आपणास चटकन उमगणार नाही. चित्रकाराने आपले काम पाठवावे, परीक्षकांनी ते निवडावे अथवा नाकारावे, निवडलेले चित्र भिंतीवर लागावे, त्याखाली नाव आणि किंमत असावी, आणि उत्तम ठरलेल्या चित्रास पारितोषिक मिळावे, ही पद्धत तिने शहरात रुजविली. त्यापूर्वीच्या चित्रकाराला आश्रयदाता लागे. आश्रयदात्याच्या मर्जीवर त्याचे पोट अवलंबून असे. प्रदर्शनाने त्याला आश्रयदात्याऐवजी प्रेक्षक दिला. ज्याला कोणी ओळखत नाही, ज्याचा वशिला नाही, अशा तरुणाचे चित्रही त्याच भिंतीवर मान्यवरांच्या चित्रांशेजारी लागू शकत होते. पारितोषिकाची बातमी वर्तमानपत्रांत येई, आणि मग त्या तरुणाच्या घरच्या माणसांनाही आपला मुलगा फुकट वेळ दवडीत नाही अशी खात्री पटू लागे. मध्यमवर्गातून चित्रकार निर्माण होण्यास या वार्षिक प्रदर्शनांचे साहाय्य किती झाले, हे सांगावयास एक स्वतंत्र लेख लिहावा लागेल.

या प्रदर्शनांतून धुरंधर विद्यार्थिदशेतच चमकू लागले. आणि १८९५ साली, संस्थेला अवघी सात वर्षे झाली असता व धुरंधरांना कलाशाळेत येऊन पाचच वर्षे लोटली असता, त्यांच्या चित्रास सोसायटीचे सुवर्णपदक मिळाले. लक्ष्मीला आलीस का म्हणून विचारणाऱ्या शीर्षकाचे ते चित्र होते. शीर्षकावरूनच वाचकांच्या ध्यानी येईल की हा विषय कोणत्याही विलायती पुस्तकातून उचललेला नव्हता. ज्या संस्थेच्या प्रदर्शनात इंग्रजी खेड्यांची आणि समुद्राची दृश्ये मानाने मिरवीत, तेथे मराठी घराच्या उंबरठ्याच्या आतले भावविश्व पहिल्या प्रतीचे ठरले. अठ्ठावीस वर्षांच्या तरुणाच्या वैयक्तिक यशापेक्षा हा अर्थ आम्हांस अधिक मोलाचा वाटतो. पद्धत पश्चिमेची खरी, परंतु पाहणारा डोळा इथला होता. आणि परीक्षकांस तो मान्य करावा लागला.

शिक्षक

ग्रिफिथ्स १८९५ च्या सुमारास निवृत्त होऊन स्वदेशी गेले. १८९६ साली धुरंधर कलाशाळेत शिक्षक म्हणून रुजू झाले. हीच वर्षे मुंबईवर मोठी कठीण गेली. १८९६ साली शहरात प्लेगचा शिरकाव झाला, हजारो कुटुंबे घरे सोडून गेली, आणि जुन्या वाड्या ओस पडल्या. धुरंधरांच्या संसारावरही याच काळात दुःखाचा घाला आला. त्यांच्या प्रथम पत्नी बापूबाई तरुण वयातच निवर्तल्या. पुढे त्यांचा विवाह गंगूबाईंशी झाला. कुटुंबातील स्त्रियांची त्यांनी केलेली रेखाटने आज पाहावयास मिळतात, त्यांमध्ये एक प्रकारची हळुवार आपुलकी दिसते. बाहेरच्या गिऱ्हाइकासाठी केलेल्या कामात जो थाट असतो तो तेथे नाही. काम करता करता क्षणभर थांबलेली, वेणी घालणारी, विचारात गढलेली घरची माणसे त्यांत आहेत.

शिक्षक म्हणून धुरंधरांनी जो लौकिक मिळविला, त्याचे गमक त्यांच्या हाताच्या वेगात आणि स्वभावाच्या सौजन्यात होते. १९१० साली ते कलाशाळेचे हेडमास्तर झाले. प्रमुखपदी इंग्रज अधिकारी येत आणि जात; ग्रिफिथ्स, सेसिल बर्न्स, ग्लॅडस्टन सॉलोमन अशी ती मालिका. प्रत्येकाची दृष्टी निराळी, आवडीनिवडी निराळ्या. शाळेचे रोजचे जीवन मात्र धुरंधरांसारख्या एतद्देशीय शिक्षकांच्या आधारावर चालत राहिले. मराठी, गुजराती, कानडी बोलणारी गावोगावची मुले मुंबईत येत, इंग्रजी अधिकाऱ्यापुढे उभे राहावयास बिचकत, तेव्हा त्यांना आपल्या भाषेत बोलणारा, घरच्या वडील माणसासारखा मास्तर भेटणे ही केवढी सोय होती याची कल्पना करता येईल. सावळाराम लक्ष्मण हळदणकर आणि गुजरातचे रविशंकर रावळ यांच्यासारखे पुढे कीर्तीस चढलेले चित्रकार धुरंधरांच्या अध्यापनकाळातच त्या शाळेत शिकून गेले. हळदणकरांनी १९१८ साली इतर कलावंतांच्या सहकार्याने आर्ट सोसायटी ऑफ इंडिया ही संस्था स्थापन करण्यात पुढाकार घेतला. रावळांना १९१७ साली बॉम्बे आर्ट सोसायटीचे सुवर्णपदक मिळाले, आणि त्यांनी अहमदाबादेस कलाशिक्षणाचे मोठे कार्य केले. एका दिव्याने दुसरा दिवा लागावा तसा हा प्रकार होता.

घराघरांत पोचलेली चित्रे

धुरंधरांचे नाव सामान्य माणसापर्यंत गेले ते मात्र प्रदर्शनांतून नव्हे. छापील चित्राने त्यांना घराघरांत नेले. विसाव्या शतकाच्या आरंभी शिळाछापाची कला मुंबईत भरभराटीस आली होती. राजा रविवर्मा यांनी १८९४ साली मुंबईत छापखाना काढून देवादिकांची चित्रे सर्वत्र पसरविली, हे सर्वांस ठाऊक आहे. एकेका रंगासाठी एकेक दगड तयार करून, एकावर एक छाप घेऊन ही चित्रे काढीत. एका चित्रास कित्येक दगड लागत. धुरंधरांनी अशा छपाईसाठी पौराणिक प्रसंग रंगविले. दिनदर्शिका, जाहिराती, मासिके आणि पोस्टकार्डे यांसाठी चित्रे काढण्यातही त्यांनी कधी कमीपणा मानला नाही.

त्यांची पोस्टकार्डे हा तर एक स्वतंत्र आनंद आहे. मुंबईच्या रस्त्यावरील पोलीस, हमाल, गाडीवान, फेरीवाले, पारशी गृहस्थ, कोळणी अशी नाना तऱ्हेची माणसे त्यांनी लहानशा कार्डावर नेमक्या रेषांत उभी केली. त्यांत विनोद आहे, परंतु कुचेष्टा नाही. ज्याची थट्टा करावयाची त्याच्याविषयी चित्रकाराच्या मनात जिव्हाळा आहे, हे पाहताक्षणी कळते. आज त्या मुंबईतील बरेचसे काही नाहीसे झाले आहे. पागोट्यांचे प्रकार गेले, घोड्यांच्या ट्रामा गेल्या, वाड्यांच्या जागी उंच इमारती आल्या. त्या काळचा माणूस कसा उभा राही, धोतराचा सोगा कसा धरी, डोक्यावरचा भार कसा सावरी, हे छायाचित्रातून जितके कळत नाही तितके धुरंधरांच्या रेषेतून कळते.

ग्रंथांसाठी त्यांनी काढलेली चित्रेही तितकीच संग्राह्य आहेत. १९१२ साली प्रसिद्ध झालेल्या एस. एम. एडवर्ड्स यांच्या मुंबईच्या गल्लीबोळांविषयीच्या पुस्तकास त्यांची चित्रे आहेत. १९१४ साली सी. ए. किंकेड यांनी आपल्या व्रतवैकल्यांच्या कहाण्या इंग्रजीत आणल्या, तेव्हा त्यांतील चित्रे धुरंधरांनी काढली. श्रावणात आमच्या घरी आजीच्या तोंडून ज्या कहाण्या ऐकाव्यात, त्याच विलायतेतील मुलांच्या हाती गेल्या, आणि त्यांबरोबर तेथे गेली ती मराठी चूल, मराठी तुळशीवृंदावन आणि नऊवारी नेसलेली मराठी गृहिणी. पुढे १९२० साली ऑटो रॉथफेल्ड यांच्या भारतीय स्त्रियांवरील ग्रंथासाठी त्यांनी निरनिराळ्या प्रांतांच्या व जातींच्या स्त्रियांची रंगीत चित्रमाला काढली. परक्या लेखकाच्या मजकुरातील काही विधाने आज कोणास पटणार नाहीत. चित्रे मात्र टिकली आहेत, कारण वस्त्र नेसण्याची ढब, दागिन्याची घडण आणि चालण्याचा डौल यांत त्यांनी कोठेही चूक केलेली नाही.

आमच्या ज्ञातीच्या दृष्टीने या चित्रांचे आणखी एक मोल आहे. नाकातील नथ, गळ्यातील सर, डोक्यातील सोन्याची फुले, शालूचा पदर घेण्याची खास पद्धत, लग्नसमारंभातील लगबग, हे सारे आमच्या वडीलधाऱ्या स्त्रियांनी ज्या रीतीने सांभाळले, ते धुरंधरांनी घरातला माणूस म्हणून पाहिले होते. बाहेरून आलेल्या चित्रकाराला ही दृश्ये क्वचितच दिसली असती. वेषभूषेच्या जुन्या चालींविषयी आज शंका आली तर त्यांच्या चित्रांकडे जावे, इतका त्यांचा अधिकार आहे.

इतिहासचित्रे आणि मानसन्मान

औंधचे अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी हे स्वतः चित्रकार आणि कलेचे थोर आश्रयदाते होते. धुरंधरांनी शिवचरित्रातील प्रसंगांवर काढलेली चित्रे औंधच्या संग्रहात आहेत. १९३८ साली खुल्या झालेल्या तेथील श्रीभवानी संग्रहालयात ती पाहावयास मिळतात. दरबारातील शेकडो माणसे, प्रत्येकाचा वेष निराळा, चेहरा निराळा, आणि तरीही साऱ्यांची नजर एका केंद्राकडे वळलेली, अशी गर्दीची रचना करणे हे चित्रकाराच्या कौशल्याची परीक्षा पाहणारे काम आहे. कोल्हापूरच्या संस्थानी मिरवणुका बालपणी पाहिलेल्या या चित्रकारास ते साधले.

१९२७ साली सरकारने त्यांना रावबहादूर ही पदवी दिली. नवी दिल्लीतील नव्या सचिवालयाच्या सजावटीचे काम मुंबईच्या कलावंतांकडे आले, तेव्हा धुरंधरांनीही त्यासाठी चित्रे केली. आणि सेवेच्या अखेरीस, १९३० च्या सुमारास, कलाशाळेचे प्रमुखपद काही काळ हंगामी स्वरूपात त्यांच्याकडे आले. तोवर ती खुर्ची केवळ इंग्रजांसाठी राखलेली होती. त्या खुर्चीवर बसणारे धुरंधर हे पहिले भारतीय. चाळीस वर्षे शाळेचा भार वाहणाऱ्या माणसास हा मान निवृत्तीच्या उंबरठ्यावर आणि तोही तात्पुरता मिळावा, यात त्या राजवटीचा स्वभाव स्पष्ट दिसतो. १९३१ साली ते सेवेतून निवृत्त झाले.

आक्षेप आणि त्यांचा विचार

कोणत्याही थोर पुरुषाचे चरित्र लिहिताना केवळ स्तुतिपाठ करणे त्याच्या कीर्तीस उपकारक होत नाही, असे आमचे मत आहे. धुरंधरांवर त्यांच्या हयातीत आणि त्यानंतर जे आक्षेप घेतले गेले, त्यांचाही विचार केला पाहिजे.

पहिला आक्षेप बंगालच्या बाजूने आला. कलकत्त्यास ई. बी. हॅवेल आणि अवनींद्रनाथ ठाकूर यांनी भारतीय परंपरेकडे परत वळण्याची चळवळ सुरू केली. १९०७ साली तेथे प्राच्य कलेसाठी स्वतंत्र संस्था निघाली. या मंडळींच्या दृष्टीने मुंबईची वास्तववादी पद्धत म्हणजे परक्यांचे अनुकरण. स्वदेशीच्या त्या काळात हा आरोप मोठा बोचरा होता. दुसरा आक्षेप नव्या पिढीचा. १९४७ साली मुंबईत प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप स्थापन झाला आणि चित्रकलेचे वारे साफ बदलले. नव्या चित्रकारांना धुरंधरांची चित्रे गोष्ट सांगणारी, ग्राहकाला खूष करणारी, म्हणून दुय्यम वाटू लागली. एवढ्या प्रचंड संख्येने काढलेल्या चित्रांत सारी सारख्या तोलाची असणे शक्यही नव्हते. मागणीनुसार आणि घाईने केलेली कामे त्यांत आहेत, हे मान्य करावयास आम्हांस संकोच वाटत नाही.

परंतु पहिल्या आक्षेपाविषयी आम्हांस असे वाटते की साधन कोठून आले यावरून कलेची जात ठरत नाही. तैलरंग पश्चिमेकडून आले, तसेच हार्मोनियम आणि छापखानाही आले. त्यांचा आपण काय उपयोग केला हे पाहावयाचे. धुरंधरांनी परकीय पद्धत घेऊन आपल्याच रस्त्यावरील, आपल्याच माजघरातील माणूस रंगविला. दुसऱ्या आक्षेपाला काळानेच उत्तर दिले आहे. २०१८ साली मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात त्यांच्या कामाचे मोठे सिंहावलोकनपर प्रदर्शन भरले, आणि ज्यांनी त्यांचे नाव केवळ ऐकले होते अशा तरुण प्रेक्षकांनी त्यांची रेखाटने व जलरंगातील चित्रे समोरासमोर पाहिली. ज्या चित्रकारास गोष्ट सांगणारा म्हणून बाजूस सारले होते, त्याच्या रेषेचे सामर्थ्य अभ्यासक पुन्हा तपासून पाहू लागले आहेत.

उत्तरायुष्य आणि कन्येचे ऋण

निवृत्तीनंतरही धुरंधरांचा हात थांबला नाही. १९४० साली त्यांनी ‘कलामंदिरातील एक्केचाळीस वर्षे’ हे आत्मचरित्रपर पुस्तक प्रसिद्ध केले. विद्यार्थी म्हणून केलेल्या प्रवेशापासून निवृत्तीपर्यंतचा हा काळ. मराठीत चित्रकाराने आपल्या शाळेचे, गुरूंचे, सहकाऱ्यांचे आणि प्रदर्शनांचे वृत्त इतक्या तपशिलाने लिहून ठेवल्याची उदाहरणे विरळ आहेत. मुंबईच्या कलेचा इतिहास लिहू पाहणाऱ्या प्रत्येकास या पुस्तकाकडे जावे लागते, इतके सांगितले म्हणजे पुरे. १ जून १९४४ रोजी, वयाच्या सत्याहत्तराव्या वर्षानंतर, रावबहादूरांचे देहावसान झाले.

त्यांच्या कन्या कै. अंबिका धुरंधर यांचा उल्लेख केल्यावाचून हा लेख पुरा होणार नाही. १९१२ साली जन्मलेल्या अंबिकाबाईंनी वडिलांच्याच शाळेत चित्रकलेचे रीतसर शिक्षण घेऊन पदविका मिळविली. मुलींनी कलाशाळेत जाणे हेच ज्या काळी नवलाचे होते, त्या काळची ही गोष्ट. त्या स्वतः उत्तम चित्रकार होत्या. वडिलांबरोबर त्यांनी प्रवास केले, प्रदर्शने पाहिली, काम केले. आणि वडिलांच्या पश्चात अनेक दशके त्यांची चित्रे, रेखाटने व कागदपत्रे खार येथील घरी जिवापाड सांभाळली. २००९ साली त्या निवर्तल्या. कलाजगताचे लक्ष दुसरीकडे वळले होते, त्या प्रदीर्घ काळात या एका स्त्रीने ठेवा जपला नसता, तर २०१८ च्या प्रदर्शनात काय दाखविता आले असते, याचा वाचकांनीच विचार करावा. चित्रकाराची कीर्ती चित्रकारच मिळवितो; ती टिकविण्याचे काम पुष्कळ वेळा घरातील एखाद्या माणसाच्या निष्ठेवर अवलंबून असते.

बॉम्बे आर्ट सोसायटी तर आजही कार्य करीत आहे. ज्या संस्थेत एके काळी युरोपियन अधिकाऱ्यांचे प्राबल्य होते, तिची सूत्रे कालांतराने भारतीय कलावंतांच्या हाती आली. १९३७ साली तिचे सुवर्णपदक अमृता शेर-गिल यांस मिळाले. १९५२ साली जहांगीर कलादालन उघडल्यावर शहराला चित्रप्रदर्शनांसाठी हक्काची जागा लाभली, आणि अलीकडे संस्थेची स्वतःची वास्तूही वांद्रे येथे उभी राहिली आहे. शंभराहून अधिक वर्षे चाललेल्या या वार्षिक मेळाव्यातून जे शेकडो तरुण पुढे आले, त्यांच्या मार्गावरील आरंभीच्या पाऊलखुणांत धुरंधरांच्या १८९५ च्या पदकाची खूण ठळक आहे.

ज्ञातिबांधवांस विनंती

आता अखेरीस आमच्या वाचक कुटुंबांस एक विनंती करावयाची आहे. धुरंधरांनी आयुष्यभरात हजारोंनी चित्रे काढली. त्यांतील काही मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात, काही औंधला, काही कलाशाळेच्या संग्रहात सुरक्षित आहेत. परंतु पुष्कळ चित्रे खासगी घरांतून गेली. ज्ञातीतील अनेक जुन्या घरांत आजोबा-आजींची तैलचित्रे, लग्नातील भेटी, जुनी पोस्टकार्डे, दिनदर्शिकांची पाने, मासिकांतून कापून चौकटीत बसविलेली चित्रे असण्याचा संभव आहे. घर बदलताना किंवा वाडा पाडताना जुने सामान म्हणून अशा वस्तू रद्दीत जातात.

आपल्या घरी असे काही असल्यास प्रथम कोपऱ्यात सही आहे काय ते पाहावे. धुरंधर पुष्कळ चित्रांवर इंग्रजी अक्षरांत आपले नाव व सन घालीत. भिंगातून पाहता बारीक ठिपके दिसल्यास ते छापील चित्र समजावे. तथापि छापील चित्रही टाकून देण्याजोगे नसते. जलरंगातील चित्र उन्हाच्या तिरिपेत अथवा ओल येणाऱ्या भिंतीवर लावू नये. काच चित्राच्या कागदास टेकणार नाही अशी चौकट करावी. फाटलेल्या जागी चिकटपट्टी लावू नये, तैलचित्र ओल्या फडक्याने पुसू नये, आणि रंग उडाला म्हणून कोणाकडूनही त्यावर पुन्हा रंग चढवून घेऊ नये. अशा दुरुस्तीने होणारी हानी भरून निघत नाही. जाणकार संवर्धकास दाखवूनच काय ते करावे. चित्रातील व्यक्ती कोण, चित्र घरात केव्हा व कसे आले, हे वडील माणसांस विचारून वेगळ्या कागदावर लिहून ठेवावे, आणि चित्राचे छायाचित्र काढून ठेवावे. सांगणारे माणूस गेले म्हणजे चित्रातील माणूस निनावी होतो.

धुरंधर आमच्या ज्ञातीचे होते याचा आम्हांस सार्थ अभिमान आहे. परंतु ज्या पुरुषाने कोळीण, हमाल, पारशी, भट, शिपाई, राणी आणि मोलकरीण या साऱ्यांकडे एकाच आस्थेने पाहिले, त्याला केवळ ज्ञातीचे भूषण म्हणून मर्यादित करणे आम्हांस शोभणार नाही. ते साऱ्या मुंबईचे चित्रकार होते. त्यांच्या हातचा एखादा कागद आपल्या कपाटात असेल, तर तो त्या साऱ्या मुंबईची ठेव म्हणून जपावा, एवढेच आमचे सर्व बंधु-भगिनींस आग्रहाचे सांगणे आहे.